मोबाइल गेमवर दिसणारं नाव बदललं तर खेळातली प्रगती जाते का?

ताई, तुम्ही लिहिलंय की बारा वर्षांच्या मुलाने तुमच्याच जीमेलने गेममध्ये लॉगिन केलं, आता स्कोअरच्या यादीत तुमचं नाव आडनावासकट सगळ्यांना दिसतंय, आणि नाव बदललं तर दोन वर्षांची मेहनत जाईल या भीतीने तो तुम्हाला फोनला हात लावू देत नाही. त्याला आधी एवढं सांगा की त्याची एकही लेव्हल जाणार नाही. मग दोघं शेजारी बसून आज रात्रीच नाव बदला.

प्रगती का जात नाही, हे त्याला नीट समजावून सांगा, म्हणजे तो स्वतःच पुढे येईल. प्रत्येक खेळाडूचं खातं उघडलं की सर्व्हर त्याला एक क्रमांक देतो. बऱ्याच गेममध्ये तो प्रोफाइलवर नावाच्या खाली बारीक अक्षरांत असतो. लेव्हल, नाणी, विकत घेतलेले कपडे, मित्रांची यादी हे सगळं त्या क्रमांकाला बांधलेलं असतं. नाव ही फक्त वरची पाटी. सदाशिव पेठेत कुणी दारावरची पाटी बदलली म्हणून त्या जागेचा सिटी सर्व्हे नंबर बदलत नाही, तसंच हे. मुलं प्रगती गमावतात ती नाव बदलल्यामुळे नव्हे, तर जुनं नाव नको म्हणून नवं खातं उघडल्यामुळे. नव्या खात्याचा क्रमांक नवा, त्यामुळे खेळ पहिल्यापासून सुरू. तुमच्या मुलाने शाळेत कुणाचं तरी असंच झालेलं ऐकलं असणार.

आता कुठलं नाव बदलायचं? सगळा घोळ इथेच होतो, म्हणून जरा सविस्तर लिहिते. एकाच फोनवर तुमची तीन वेगवेगळी नावं असतात. पहिलं गूगल खात्याचं, जे तुमच्या मेलवर दिसतं. दुसरं गेमिंग नेटवर्कचं: अँड्रॉइडवर प्ले गेम्सचं, आयफोनवर गेम सेंटरचं. आणि तिसरं प्रत्यक्ष त्या गेमच्या आतलं. ही तिन्ही स्वतंत्र आहेत आणि एक बदललं म्हणून दुसरं बदलत नाही. माझ्या भाच्याने गेममधलं नाव बदलायचं म्हणून माझ्या बहिणीच्या गूगल खात्याचंच नाव बदललं. गेममध्ये काही फरक पडला नाही, पण पुढचे चार दिवस तिचे सगळे मेल त्या नावाने गेले, शाळेच्या बाईंना पाठवलेला रजेचा अर्जसुद्धा. तिला फार वाईट वाटलं आणि त्यालाही. तेव्हा गूगल खात्याच्या नावाला हात लावू नका.

प्ले गेम्स २०१३ मध्ये आलं तेव्हा ते गूगल प्लस या गूगलच्या तेव्हाच्या सोशल नेटवर्कला जोडलेलं होतं, त्यामुळे खरं नाव लोकांपुढे येणं सहज होतं. २०१६ पासून गूगलने खेळाडूंसाठी वेगळं नाव ठेवायची सोय केली. हे नाव बदलायला फोनच्या सेटिंग्जमध्ये गूगल उघडा, तिथल्या सेवांच्या यादीतून प्ले गेम्स निवडा आणि प्रोफाइल संपादित करा. फोनच्या कंपनीनुसार शब्द थोडे इकडेतिकडे होतील, वाट साधारण हीच. तिथेच आणखी एक गोष्ट करा: तुमची प्रोफाइल आणि खेळलेले गेम कुणाला दिसावेत, सगळ्यांना, फक्त मित्रांना की फक्त स्वतःला, हे ठरवता येतं. मूल लहान असताना मी 'सगळ्यांना' हा पर्याय कधीच ठेवणार नाही. आयफोन असेल तर सेटिंग्जमध्ये गेम सेंटर, तिथे आपल्या प्रोफाइलवर टॅप केलं की टोपणनाव बदलता येतं. कुणाला काय दिसावं याचा पर्याय तिथेही आहे.

तिसरं नाव गेममध्ये जाऊनच बदलावं लागतं आणि प्रत्येकाचा नियम वेगळा. क्लॅश ऑफ क्लॅन्समध्ये पहिला बदल फुकट, नंतर दरवेळी जेम्स (गेममधली रत्नं) मोजावे लागतात आणि किंमत चढत जाते. बीजीएमआय म्हणजे बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया, त्यात रिनेम कार्ड, म्हणजे नाव बदलायचं कार्ड लागतं. ते कधी बक्षीस म्हणून मिळतं, नाहीतर यूसी (त्या गेममधलं चलन) मोजून घ्यावं लागतं, आणि दुसऱ्या कुणी घेतलेलं नाव तुम्हाला मिळत नाही. म्हणून पहिला फुकटचा बदल घाईत वाया घालवू नका. फुकट रिनेम कार्ड देतो म्हणणाऱ्या लिंक व्हॉट्सअ‍ॅपवर फिरतात, त्या उघडायच्या नाहीत हे मुलाला आत्ताच सांगून ठेवा. नाव बदलायला कुणालाही ओटीपी सांगावा लागत नाही. तसं कुणी मागितलं आणि पैसे गेलेच, तर लगेच १९३० या सायबर फसवणुकीच्या सरकारी हेल्पलाइनवर फोन करायचा.

मी एवढं पोटतिडकीने लिहितेय त्याला कारण आहे. २०२१ च्या जुलैत बीजीएमआय आलं तेव्हा मी घरूनच काम करत होते आणि संध्याकाळी खेळायला लागले. नाव ठेवताना माझं स्वतःचं नाव, आडनाव आणि पुढे जन्मसालाचे दोन आकडे टाइप केले. परीक्षेच्या फॉर्मपासून ईमेलपर्यंत सगळीकडे हेच करायची सवय, त्यामुळे त्यात काही चुकतंय असं वाटलंच नाही. काही महिन्यांनी, एका मॅचमध्ये सोबत खेळलेल्या अनोळखी माणसाने मला दुसऱ्याच एका अ‍ॅपवर शोधून काढलं आणि रात्री साडेबाराला मेसेज पाठवला. मी हिंजवडीत कुठल्या कंपनीत काम करते हे त्याला माहीत होतं. त्याने काही हॅक केलं नव्हतं. गेमवरचं नाव त्याने सर्चमध्ये टाकलं, बाकी सगळं मीच वेगवेगळ्या ठिकाणी लिहून ठेवलेलं होतं. त्या रात्री मला झोप लागली नाही.

दुसऱ्या दिवशी मी कार्ड वापरून नाव बदललं आणि सुटले असं समजले. चार दिवसांनी त्याच माणसाने गेममध्ये मला नव्या नावाने हाक मारली. कारण तो माझ्या मित्रयादीत होता आणि मित्रयादी चालते क्रमांकावर. पाटी बदलली की त्याच्या यादीतली पाटीही आपोआप बदलली. नाव बदलल्यावर तुम्ही नव्याने भेटणाऱ्यांपासून झाकले जाता, यादीत आधीपासून असलेल्यांपासून नाही. म्हणून क्रम असा ठेवा: आधी मित्रयादी उघडून मुलाला एकेकाचं नाव विचारा, हा कोण, कुठे भेटला. जो प्रत्यक्ष ओळखीचा नाही त्याला काढा, त्रास देणाऱ्याला ब्लॉक करा. नाव त्यानंतर बदला. हे करताना रागावू नका. रागावलात तर पुढच्या वेळी तो सांगणार नाही, आणि त्याने सांगणं हेच तुमचं खरं कुलूप आहे.

नवं नाव काय ठेवायचं यावर मुलाचा हक्क मोठा आहे असं मला वाटतं. तो त्या नावाने रोज ओळखला जाणार आहे. कागदावरचं नाव बदलायचं तर राजपत्रात जाहिरात द्यावी लागते, वाट बघावी लागते. इथे एका टॅपमध्ये माणूस स्वतःला हवं ते नाव घेऊ शकतो, आणि बारा वर्षांच्या मुलासाठी ही छोटी गोष्ट नाही. तुम्ही फक्त कुंपण घालून द्या. आडनाव नको, जन्मसाल नको, शाळा नको, पिनकोड नको. आपल्याकडची मुलं नावापुढे हौसेने 'एमएच १२' हा पुण्याच्या गाड्यांचा क्रमांक लावतात. नुसत्या एमएच १२ ने कुणी सापडत नाही, त्यात लाखो गाड्या आहेत. पण एमएच १२, त्याला जोडून आडनाव आणि जन्मसाल असं झालं की एकच मुलगा उरतो. कोथरूडची एक मुलगी आमच्या गटात आली तेव्हा तिच्या नावात ४११०३८ हा तिथला पिनकोड होता. तिला ते आवडायचं, तिच्या भागाचा तिला अभिमान होता. मी तिला समजावलं, तिने ते काढून टेकडीवरच्या एका पक्ष्याचं नाव घेतलं, आणि ते तिला जास्त शोभतं.

दुसरं म्हणजे नाव हाक मारता येईल असं असावं. गटात खेळताना माइकवर ओरडावं लागतं, तिथे दोन-तीन अक्षरंच उपयोगी पडतात. मी 'तोरणा' घेतलं. कॉलेजच्या दिवसांत त्या गडावर बरीच भटकंती झाली होती आणि 'तोरणा, मागे बघ' हे एका दमात म्हणता येतं. नक्षीदार अक्षरांच्या वेबसाइटवरून कॉपी केलेली नावं मात्र टाळा. ती अक्षरं इंग्रजीसारखी दिसतात, पण युनिकोडमध्ये त्यातली बरीच गणितातली चिन्हं म्हणून नोंदलेली आहेत. मित्राने साध्या कीबोर्डवर तेच नाव टाइप करून शोधलं तर ते सापडेलच असं नाही. ज्यांना डोळ्यांनी दिसत नाही ते फोनकडून नाव वाचून घेतात, त्यांनाही त्यातून धड काही ऐकू येत नाही. असा एक खेळाडू आमच्या ओळखीत आहे, त्याच्यामुळे हे मला कळलं.

देवनागरीत नाव ठेवता येतं का? काही गेम घेतात, काही घेत नाहीत, टाकूनच बघावं लागतं. मला मनापासून वाटतं की जिथे चालतं तिथे मुलांनी ठेवावं. फक्त अक्षरांच्या मर्यादेचा एक पेच आहे. 'प्राजक्ता' आपल्याला तीन अक्षरांचं दिसतं, पण संगणक प, हलन्त, र, काना असं सुटं सुटं मोजतो आणि ते नऊ भरतात. त्यामुळे नाव लांब आहे असा संदेश आला तर मुलाने नाराज होऊ नये, जोडाक्षरं कमी असलेलं नाव शोधावं. 'राजगड' पाचातच बसतं. मी स्वतः तोरणा रोमन लिपीत लिहिते, कारण माझ्या गटातल्या दोघांची भाषा तेलुगू आहे आणि त्यांच्या फोनवर देवनागरी कीबोर्ड नाही.

बदलण्याआधी त्याच्या क्लॅनमध्ये किंवा गटात एक ओळ टाकायला सांगा की उद्यापासून माझं नाव अमुक असेल. मी हे केलं नव्हतं, आणि आमच्या म्होरक्याने कुणी परकं घुसलंय समजून मला गटातून काढलं होतं. परत घ्यायला त्यांची काही हरकत नव्हती, पण तेवढ्यात त्या आठवड्याचं बक्षीस हुकलं. मुलाला असं काही झालं तर तो तुमच्यावर रुसेल.

नाव बदलल्यावर स्कोअरच्या यादीत लगेच जुनंच दिसलं तर घाबरू नका. गेम बंद करून परत उघडा, कधी कधी ताजं व्हायला वेळ लागतो. आणि शेवटची तपासणी तुमच्या फोनवरून करू नका, कारण तिथे तुम्ही स्वतः लॉगिन असता आणि लपवलेलंही तुम्हाला दिसत राहतं. तो गेम खेळणाऱ्या शेजारच्या एखाद्या मुलाचा फोन पाच मिनिटांसाठी मागून घ्या, त्यावरून तुमच्या मुलाची प्रोफाइल उघडा, नाव, फोटो आणि खाली लिहिलेली ओळ वाचा. फोटो बहुतेकांचा राहून जातो. माझाही राहिला होता, कंपनीचं ओळखपत्र गळ्यात असलेला, आणि तो मला भाच्याच्या फोनवर दिसला.