वाचकांचे प्रश्न : स्क्रीन रीडर आणि ऑनलाइन रोल प्लेइंग खेळ

प्रश्न : मी पूर्णपणे अंध असून पदवीच्या दुसऱ्या वर्षाला आहे. एनव्हीडीए या स्क्रीन रीडरच्या, म्हणजे पडद्यावरचा मजकूर बोलून दाखवणाऱ्या प्रोग्रामच्या, साहाय्याने अभ्यास, पत्रव्यवहार, बँकेची कामे मी स्वतः करतो. माझे डोळस मित्र एक ऑनलाइन रोल प्लेइंग खेळ, म्हणजे एखादे पात्र होऊन काल्पनिक जगात वावरण्याचा खेळ, खेळतात. तो मी उतरवून घेतला, पण सुरू होताच एनव्हीडीए फक्त खिडकीचे नाव बोलतो आणि गप्प होतो. माझी सेटिंग चुकते आहे का? आणि मला खेळता येतील असे खेळ आहेत का?
– एक वाचक, सांगली

उत्तर : आपली सेटिंग बरोबर आहे, दोष खेळाच्या बांधणीत आहे. स्क्रीन रीडर एरवी पडद्यावरचे चित्र पाहून ओळखत नाही. ‘हे बटण आहे, त्याचे नाव अमुक आहे, हा मजकूर आहे’ अशी माहिती प्रत्येक प्रोग्रामने विंडोजला पुरवायची असते आणि स्क्रीन रीडर ती तेथून घेऊन बोलतो. ब्राउझर, वर्ड, बँकेचे संकेतस्थळ ही माहिती कमीअधिक नीटपणे पुरवतात. त्रिमितीय खेळ मात्र सगळे दृश्य चित्र म्हणून रंगवून घेतात. त्यात मेनूतील अक्षरेसुद्धा आली. विंडोजच्या दृष्टीने तेथे एक कोरी खिडकी असते, म्हणून एनव्हीडीएला बोलण्यासारखे तिच्या नावाखेरीज काही सापडत नाही.

विंडोज १० किंवा त्यापुढच्या आवृत्तीवर एनव्हीडीए कळीबरोबर (एरवी इन्सर्ट) आर दाबल्यास चित्रातील अक्षरे ओळखून वाचली जातात. स्थिर मेनूतून वाट काढण्यापुरता हा उपाय चालतो, परंतु ओळखलेला मजकूर त्या एका क्षणाचा असतो आणि लढाई तोवर पुढे गेलेली असते. ‘वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट’सारख्या मोठ्या खेळात २०२१पासून गप्पांचा मजकूर आवाजात ऐकण्याची सोय आली आहे. अमेरिकेच्या २०१०च्या दळणवळण सुलभता कायद्यातून व्हिडिओ गेमना मिळालेली सवलत २०१८च्या अखेरीस संपली, परंतु तो कायदा खेळाडूंमधील संवादाच्या सोयींपुरता आहे. संवाद ऐकू येतो म्हणून रस्ता, शत्रू आणि दरवाजा सापडतोच असे नाही.

आपण ज्या प्रकाराकडे वळावे असे मला मनापासून वाटते, तो या सगळ्या खेळांचा पूर्वज आहे. १९७८मध्ये इंग्लंडमधील एसेक्स विद्यापीठात रॉय ट्रबशॉ आणि रिचर्ड बार्टल यांनी ‘मड’ नावाचा खेळ रचला, ज्यात अनेक जण एकाच काल्पनिक जगात एकाच वेळी वावरू शकत होते आणि ते जग संपूर्णपणे शब्दांचे होते. पुढे या प्रकाराच्या सगळ्याच खेळांना मड म्हणू लागले. खेळाडू ‘नॉर्थ’ असे टंकून उत्तरेकडे जातो, तेथील जागेचे वर्णन वाचतो, ‘लूक’ म्हणून निरखतो, वस्तू उचलतो, इतरांशी बोलतो, लढतो. येथे मजकूर हाच खेळ असल्यामुळे स्क्रीन रीडर वापरणाऱ्याला डोळस खेळाडूपेक्षा कमी काही मिळते असे होत नाही. १९९५पासून चालू असलेला ‘ऑल्टर इऑन’ अंध खेळाडूंमध्ये विशेष प्रिय आहे, तर १९९७पासूनच्या ‘अकिया’मध्ये स्क्रीन रीडरसाठी वेगळी सेटिंगच दिलेली आहे. हे खेळ इंग्रजीत आहेत, हे मात्र आधीच सांगायला हवे. वर्णने लांबलचक असतात आणि सुरुवातीला वाचनाचा वेग कमी ठेवावा लागतो.

मडच्या खेळाशी जोडणीसाठी मडलेट हा मोफत प्रोग्राम घ्यावा; तो विंडोज, मॅक आणि लिनक्स या तिन्हींवर चालतो आणि नवा आलेला मजकूर स्क्रीन रीडरकडे आपणहून पाठवतो. मशक्लायंट हा विंडोजवरचा जुना आणि अतिशय लवचीक पर्याय आहे, पण त्याला बोलते करण्यासाठी मशरीडर नावाची जोड बसवावी लागते. त्याच्यासाठी अंध खेळाडूंनी बनवलेली ध्वनिसंचांची गाठोडीही मिळतात, ज्यामुळे तलवारीचा घाव, दाराची करकर, आलेला खासगी निरोप अशा गोष्टींना आपापला आवाज लाभतो आणि तेवढे शब्द ऐकण्याचा त्रास वाचतो.

खरी अडचण पहिल्या लढाईत येईल. एका क्षणात दहा ओळी येतात, बोलणारा आवाज चौथ्या ओळीवर असतो आणि ‘तुमची प्रकृती खालावली आहे’ ही कामाची ओळ नवव्या क्रमांकावर अडकलेली असते. शिवाय काही खेळ चौकोन, रेघा आणि तारांकित चिन्हांनी नकाशा काढतात, जो कानाला ‘डॅश डॅश हॅश’ एवढाच ऐकू येतो. म्हणून पहिल्याच दिवशी खेळाची मदत उघडून स्क्रीन रीडरची सेटिंग असल्यास ती चालू करावी, नकाशा बंद करावा आणि ओळखीच्या जागांचे वर्णन आखूड करणारी ‘ब्रीफ’ ही आज्ञा वापरावी. त्यानंतर ट्रिगर शिकावेत. ट्रिगर म्हणजे ठरावीक ओळ आली की प्रोग्रामने ठरावीक काम करावे अशी सूचना. चुकलेल्या वारांच्या ओळी त्याने गाळता येतात आणि प्रकृती एका मर्यादेखाली गेली की घंटा वाजवता येते. निसटलेली ओळ पुन्हा ऐकण्यासाठी एनव्हीडीएच्या डेस्कटॉप मांडणीत अंकफलकावरील सात, आठ आणि नऊ या कळा अनुक्रमे मागची, चालू आणि पुढची ओळ वाचतात. मडलेटमध्ये आज्ञेच्या ओळीवरून मजकुराच्या खिडकीत जाण्याची कळ सेटिंगमध्ये ठरवून ठेवावी, म्हणजे मागचा सगळा मजकूर बाणांच्या कळांनी सावकाश वाचता येतो.

प्रश्न : ट्रिगर वापरणे ही लबाडी नाही का? डोळस खेळाडू तसा आक्षेप घेतात.
– एक वाचिका, लातूर

उत्तर : ओळ गाळणे, आवाज वाजवणे, मजकूर ठळक करणे हे सारे माहिती आपल्यापर्यंत पोहोचवण्याचे मार्ग आहेत आणि डोळस खेळाडू तेच काम रंगांनी करून घेत असतात. माणूस जागेवर नसताना प्रोग्रामने खेळत राहणे ही वेगळी गोष्ट असून अनेक खेळ तिला मनाई करतात. प्रत्येक खेळाचे नियम वेगळे असल्यामुळे ते आधी वाचावेत आणि शंका राहिली तर व्यवस्थापकांना लेखी विचारून उत्तर जपून ठेवावे.

प्रश्न : आम्ही काही मित्र डिस्कॉर्ड या गप्पांच्या ॲपवर मराठीतून ‘डन्जन्स अँड ड्रॅगन्स’ हा फासे टाकून खेळायचा रोल प्लेइंग खेळ खेळतो. खेळ मी चालवतो. एक अंध मैत्रीण येऊ इच्छिते. मी काय बदल करू?
– एक वाचक, पुणे

उत्तर : सर्वांत मोठा बदल लिपीचा आहे. आपल्याकडे गप्पांत मराठी रोमन अक्षरांत लिहिण्याची सवय इतकी रुळली आहे की ती कोणाला खटकत नाही. पण स्क्रीन रीडर रोमन अक्षरे पाहिली की ती इंग्रजी समजून उच्चारतो आणि ‘तू कुठे आहेस’ या साध्या वाक्याचे जे होते ते ऐकवत नाही. सर्वांनी देवनागरीत लिहावे. एनव्हीडीएसोबत येणाऱ्या ई-स्पीक एनजी या मजकूर बोलणाऱ्या प्रोग्राममध्ये मराठी आवाज आहे. तो यांत्रिक वाटतो, परंतु वेग वाढवूनही शब्द स्पष्ट ऐकू येतात आणि मधे आलेले इंग्रजी शब्द तो इंग्रजी उच्चारांनी वाचतो. फोनवर टॉकबॅक हा अँड्रॉइडचा स्क्रीन रीडर वापरत असल्यास गुगलचा मराठी आवाज त्याहून मऊ आहे.

नकाशा हा दुसरा मुद्दा. पटावरचे लढाईचे चित्र टाकायचेच असेल तर डिस्कॉर्डमध्ये चित्राला वर्णन जोडता येते, ते जोडावे. परंतु वर्णन जोडून काम भागते असे मी मानत नाही, कारण पट दर पाळीला बदलतो आणि तिला निर्णय त्या बदलावर घ्यायचा असतो. त्यापेक्षा लढाईची जागा तीनचार नावाच्या भागांत वाटावी – ओढ्याचा काठ, पडका बुरूज, चिंचेचा पार – आणि प्रत्येक फेरीच्या आरंभी कोण कोठे आहे हे दोन वाक्यांत लिहावे. याचा फायदा फोनच्या लहान पडद्यावर खेळणाऱ्या इतरांनाही होईल.

फासे टाकण्यासाठी अव्रे हा बॉट, म्हणजे डिस्कॉर्डमध्ये आज्ञा पाळणारा स्वयंचलित प्रोग्राम, वापरावा, कारण त्याचे उत्तर मजकुरात येते. फिरणाऱ्या फाशांचे चित्र दाखवणारी साधने टाळावीत. नावे सजवण्यासाठी वापरली जाणारी नक्षीदार अक्षरे आणि ओळीने दहा इमोजी यांवर बंदी घालावी, कारण त्यांची नावे एकामागून एक ऐकावी लागतात. नियमांच्या पुस्तकाची स्कॅन केलेली पाने तिला पाठवू नका. खेळाचे मूलभूत नियम जानेवारी २०२३मध्ये क्रिएटिव्ह कॉमन्स परवान्याखाली खुले झाले आहेत. ते मजकूर म्हणून मिळतात आणि त्यातून हवा तो भाग मराठीत उतरवून देण्यासही हरकत नाही.

प्रश्न : मी ब्राउझरवर चालणारा मजकूरप्रधान रोल प्लेइंग खेळ बनवतो आहे. मजकूर असल्यामुळे तो आपोआप सुलभ होईल ना?
– एक वाचक, ठाणे

उत्तर : आपोआप होणार नाही. मजकूर कॅनव्हासवर, म्हणजे ब्राउझरमधील चित्र काढण्याच्या जागेवर, काढला, तर वरच्या पहिल्या उत्तरातील कोऱ्या खिडकीसारखीच अवस्था होते. तो साध्या एचटीएमएलमध्ये असावा, बटणे खरोखरीची बटणे असावीत आणि सगळे काही कळफलकावरून करता यावे. येणाऱ्या घटनांच्या पट्टीला एचटीएमएलमध्ये ‘लॉग’ ही भूमिका (रोल) द्यावी, म्हणजे नवीन ओळ आपोआप बोलली जाईल आणि चालू वाक्य तुटणार नाही. मधेच तोडून बोलणारी ‘असर्टिव्ह’ ही पद्धत मरणाच्या इशाऱ्यासारख्या प्रसंगापुरती राखावी. प्रत्येक वाराला ती लावणारे खेळ पाच मिनिटांत असह्य होतात. प्रकृती, पैसा, बाण यांचे आकडे बदलले की बोलू देऊ नका. खेळाडूने कळ दाबून विचारल्यावर ते सांगावेत. नवीन मजकूर आल्यावर फोकस, म्हणजे कळफलक ज्या घटकावर काम करतो ती जागा, हलवू नये, आणि निवड करण्याची मुदत ठेवलीच तर ती वाढवण्याची किंवा बंद करण्याची सोय असावी, कारण पाच पर्याय ऐकायला ते नजरेखालून घालण्यापेक्षा जास्त वेळ लागतो.

तपासणीसाठी एनव्हीडीए उतरवून घ्या, तो मोफत आहे. त्याच्या साधनांतील स्पीच व्ह्यूअर बोललेले सारे लिहून दाखवतो आणि स्क्रीन कर्टन पडदा काळा करतो. तो लावून आपलाच खेळ नोंदणीच्या पानापासून खेळून पाहा. चित्रातील अक्षरे ओळखायला लावणारी पडताळणी तेथेच असेल, तर पुढचे सगळे श्रम कोणा अंध खेळाडूपर्यंत पोहोचणारच नाहीत. त्यानंतर रोज स्क्रीन रीडर वापरणाऱ्या दोघातिघांना रीतसर मोबदला देऊन खेळ तपासून घ्या. त्यांच्या बोटांच्या सवयी आपल्याहून अगदी वेगळ्या असतात आणि आपल्याला न सुचलेल्या ठिकाणी ते पहिल्या दहा मिनिटांत अडतात.