मूळ वाटणीपत्र काकांकडे, आपल्याकडे फक्त झेरॉक्स, कोर्टात चालेल का?

नोटरीच्या शिक्क्याने काही होणार नाही हे आधीच सांगतो. तो 'ट्रू कॉपी'चा गोल शिक्का बँकेत, कॉलेजात, भरतीच्या फॉर्मला ठीक आहे, पण दिवाणी दाव्यात त्याने झेरॉक्सचा पुरावा होत नाही. आणि तुमच्या केसमध्ये तर नोटरी मूळ कागद न बघताच शिक्का मारणार, कारण मूळ काकांकडे आहे, मग तो नक्की कशाशी ताडून बघणार?

तुमचा मामला मला समजला तो असा: १९९१ साली वडील आणि काकांनी वाटणीपत्र केलं, मूळ काकांच्या कपाटात गेलं, वडिलांनी झेरॉक्स काढून ठेवली, वडील आता नाहीत, काका म्हणतात असा कागद झालाच नाही, आणि दावा मागच्या वर्षी लावलाय. मी तालुक्याच्या कोर्टात दिवाणी दावेच चालवतो, असे कागद रोज बघतो, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

लोक झेरॉक्स चालते का एवढंच विचारतात, पण कोर्टाचा पहिला प्रश्न झेरॉक्सबद्दल नसतोच. कोर्ट विचारतं मूळ कुठे आहे, ते तुम्ही का आणू शकत नाही, आणि ही कॉपी त्याच मुळावरून निघाली हे कोण सांगणार. या तिन्हीची उत्तरं असतील तर साधी झेरॉक्ससुद्धा दुय्यम पुरावा म्हणजे मुळाच्या जागी चालणारा पुरावा म्हणून वाचली जाते, नसतील तर लॅमिनेशन केलेली पण उपयोगाची नाही. जुन्या १८७२ च्या पुरावा कायद्यात हे कलम ६५ होतं, १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष्य अधिनियम आला त्यात कलम ६० आहे. त्या तारखेआधीचे दावे जुन्याच कायद्याने चालतात, तुमचा नंतरचा आहे त्यामुळे वकिलाने जुने नंबर टाकले असतील तर बदलून घ्या, तसा गाभा फारसा बदललेला नाही.

मूळ समोरच्याच्या ताब्यात असेल तर त्याला आधी ते हजर करायची नोटीस द्यावी लागते, जुनं कलम ६६, आता ६४. नोटीस त्याच्या वकिलाला दिली तरी चालते. काही ठराविक प्रसंगांत ती न देता चालतं, पण तुम्ही त्या भानगडीत पडू नका, सरळ द्या. काका उत्तर देणार की असा कागद आमच्याकडे नाही. देऊ देत. मात्र मग तुमच्यावर दोन गोष्टी दाखवायची जबाबदारी येते, कागद खरोखर झाला होता आणि तो त्यांच्याकडे गेला. इथे साक्षीदार लागतो, कागद लिहिणारा, सही करणारा साक्षीदार, तेव्हाचे पंच, जो कोणी हयात असेल तो. ज्याने मूळ कागद स्वतः बघितलाय त्याने त्यात काय लिहिलं होतं हे तोंडी सांगणं हासुद्धा कायद्याने दुय्यम पुरावाच आहे, हे बऱ्याच लोकांना माहितीच नसतं. आणि कागद नाही म्हणून बसलेल्या काकांना पुढे अडचणीच्या वेळी तोच कागद आपल्या फायद्यासाठी काढायचा असेल तर तुमची संमती किंवा कोर्टाची परवानगी लागेल.

हे सगळं दाव्यातच लिहिलेलं पाहिजे, म्हणजे मूळ अमुक दिवसापासून प्रतिवादीकडे आहे वगैरे. दाव्यात एक शब्द नाही आणि पुराव्याच्या वेळी अचानक अर्ज, असं झालं की समोरचा वकील तेवढंच धरून बसतो. तुमच्या दाव्यात नसेल तर दुरुस्ती अर्जाचं आजच बोलून घ्या, पुरावा सुरू झाला की दुरुस्ती अवघड होते.

उलटतपासात काय होतं ते पण बघा. तुम्ही पिंजऱ्यात, हातात झेरॉक्स. ही झेरॉक्स कोणी काढली? वडिलांनी. कुठे? माहीत नाही. तुम्ही सोबत होता का? नाही, मी लहान होतो. मूळ तुम्ही कधी डोळ्याने पाहिलं? नाही. म्हणजे ही मूळावरून काढली की दुसऱ्या झेरॉक्सवरून हे तुम्ही सांगू शकत नाही, बरोबर? झालं, पाच प्रश्नांत कागद लंगडा. शेवटचा प्रश्न सगळ्यात घातक, कारण कॉपीची कॉपी मुळाशी ताडून पाहिलेली नसेल तर ती दुय्यम पुरावासुद्धा ठरत नाही. म्हणून आई, आत्या, थोरला भाऊ, ज्याने मूळ पाहिलं होतं आणि झेरॉक्स काढताना जो होता तो माणूस शोधा, त्याचं शपथपत्र तुमच्या शपथपत्रापेक्षा कामाचं.

कोर्टाने दुय्यम पुराव्याची परवानगी दिली म्हणजे कागद सिद्ध झाला असं पण नाही. सुप्रीम कोर्टाने २०२० मध्ये जगमेल सिंग विरुद्ध करमजीत सिंगमध्ये हेच सांगितलं. तिथे मूळ मृत्युपत्र फेरफारासाठी पटवाऱ्याकडे, म्हणजे आपल्या तलाठ्याकडे दिलं होतं आणि ते परत मिळेना, तर कोर्टाने कॉपीने पुरावा द्यायला परवानगी दिली, पण मृत्युपत्र खरं आहे हे वेगळं सिद्ध करा म्हणून सांगितलं. कागदावर निशाणी क्रमांक, म्हणजे कोर्टाचा पुराव्याचा नंबर, पडला की अशील पेढे वाटायला निघतात, त्यांना हे समजावताना दम निघतो.

आता तुमच्या कागदातली खरी मेख, जी तुम्ही विचारलीच नाही. कॉपी मुळापेक्षा मोठी होत नाही. त्या कागदानेच वाटणी केली असेल आणि त्यात जमीन असेल तर तो नोंदणीकृत आणि पुरेशा स्टॅम्पचा हवा, नाहीतर मूळ आणलं तरी वाटणी सिद्ध करायला ते चालणार नाही, मग झेरॉक्स कुठून चालेल. पण वाटणी आधी तोंडी झाली होती आणि नंतर फक्त आठवण म्हणून यादी लिहिली असेल तर नोंदणी लागत नाही. म्हणून कागदातली भाषा नीट वाचा, 'आज रोजी वाटणी करीत आहोत' आहे की 'यापूर्वी वाटणी झालेली असून' आहे. याच एका ओळीवर अख्खा दावा फिरतो. नोंदणी झालेली असेल तर मग काय, दुय्यम निबंधक कार्यालयातून सर्टिफाईड नक्कल काढा, नोंदणी कायद्याच्या कलम ५७ प्रमाणे ती मूळ दस्तातला मजकूर सिद्ध करायला चालते आणि झेरॉक्सचं रडगाणंच संपतं.

तीस वर्षं झाली म्हणून कागद आपोआप खरा धरतील असं कोणी सांगितलं असेल तर तेही सोडा, ते गृहीतक योग्य ताब्यातून आलेल्या मूळ कागदासाठी आहे, झेरॉक्ससाठी नाही.

त्यापेक्षा तहसीलच्या रेकॉर्ड रूममध्ये जा. वाटणीनंतर सातबारा वेगळे झाले असतील तर तेव्हाचा फेरफार, वर्दी म्हणजे तलाठ्याला दिलेली खबर, आणि नशीब असेल तर तलाठ्यापुढचा जबाब मिळेल. ही सरकारी कागदपत्रं, त्यांची सर्टिफाईड नक्कल थेट पुराव्यात जाते, मूळ रजिस्टर कोणी मागत नाही. फेरफाराने मालकी ठरत नाही हे खरं, पण काकांची सही असलेला वाटणीचा जबाब सापडला तर 'कागद झालाच नाही' म्हणणं त्यांना जड जाईल.

राहिलं ते व्हॉट्सॅपचं. चुलतभावाने फॅमिली ग्रुपवर मूळ कागदाचा फोटो टाकला होता हे तुम्ही शेवटच्या ओळीत लिहिलंय, मला विचाराल तर तेच तुमचं सगळ्यात मोठं हत्यार आहे, कारण मूळ त्यांच्या घरात आहे हे त्यातून दिसतं. पण नुसती प्रिंट देऊ नका. जालन्याच्या २०१४ च्या विधानसभा निवडणुकीचा खटला आठवतो का, २९६ मतांनी निकाल लागलेला, खोतकर विरुद्ध गोरंट्याल? निवडणूक अधिकाऱ्याच्या ऑफिसातलं रेकॉर्डिंग होतं आणि त्याचं सर्टिफिकेट, म्हणजे ते कोणत्या यंत्रातून कसं निघालं याचा दाखला, अधिकारी देईनात, तो वाद सुप्रीम कोर्टापर्यंत गेला आणि २०२० मध्ये ठरलं की मूळ यंत्रच कोर्टात आणत नसाल तर सर्टिफिकेट सक्तीचं आहे, समोरचा देत नसेल तर कोर्टाकडून मागवा. तुमचा फोन तुमच्याच हातात आहे त्यामुळे तुम्हाला सोपं. नव्या कायद्यात कलम ६३ खाली त्याचा नमुनाच दिलाय, भाग अ तुम्ही भरायचा, भाग ब तज्ज्ञाने, आणि हॅश व्हॅल्यू टाकायची, म्हणजे फाईल बदललेली नाही हे दाखवणारा तिचा अंक-अक्षरांचा कोड. तोपर्यंत तो फोन एक्सचेंजमध्ये देऊ नका, ग्रुप सोडू नका आणि चॅटला हात लावू नका.