जनुक-संपादनाकडे नव्याने वळणाऱ्यांसाठी

जनुकांत हेतुपुरस्सर बदल करण्याच्या या कामात तुम्ही नुकतेच पाऊल टाकत आहात, म्हणून आधीच सांगून ठेवतो: आजार बरा करणे आणि माणूस निर्दोष करणे ही दोन कामे कागदावर शेजारी दिसली, तरी त्यांची गल्लत होऊ देऊ नका. सिकलसेल या आनुवंशिक रक्तविकाराचेच पाहा. बदललेल्या जनुकाच्या दोन्ही प्रती वाट्याला आल्या, तर तांबड्या पेशी विळ्यासारख्या वाकतात आणि रुग्ण वेदनेने कळवळतो. एकच प्रत असेल, तर तीच व्यक्ती तीव्र मलेरियापासून बऱ्याच अंशी वाचते. मग या जनुकाला सरसकट वाईट कसे म्हणायचे?

2018 मध्ये चीनमधील शास्त्रज्ञ हे जियानकुई यांनी एचआयव्हीला प्रतिकार व्हावा म्हणून, या विषाणूला पेशीत शिरायला वाट देणारे सीसीआर5 जनुक भ्रूणांत बदलल्याचे जाहीर केले. मात्र असा प्रतिकार देणारा, निसर्गात आढळणारा बदल त्यांना हुबेहूब साधला नव्हता, आणि जन्मलेल्या जुळ्या मुलींना तर कोणी विचारलेच नव्हते. पुढच्याच वर्षी त्यांना तीन वर्षांची कैद झाली.

माणसाचा वंश ‘सुधारण्याच्या’ प्रयत्नांचा जुना इतिहासही वाचा, पण त्यात खलनायक शोधत बसू नका. 1907 मध्ये अमेरिकेतील इंडियाना राज्याने सक्तीच्या नसबंदीचा कायदा केला आणि 1927 मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने व्हर्जिनियाचा तसाच कायदा वैध ठरवला. ही मंडळी स्वतःला सुधारकच समजत होती, आणि मला धास्ती वाटते ती नेमकी याचीच. म्हणून प्रस्तावात ‘सुधारणा’ हा शब्द दिसला, की ती कोणाच्या मते, हे मी समासात पेन्सिलीने लिहून ठेवतो. तुम्हीही लिहीत जा.