गॅलियम हातावर वितळतं, मग ते पाऱ्यासारखं घातक आहे का? घरी कसं हाताळावं?

तुम्ही तीन गोष्टी विचारल्या आहेत: आणलेलं 20 ग्रॅम गॅलियम हातावर घेतलं तर पाऱ्यासारखा अपाय होईल का, एकदा वितळलेलं गॅलियम खोलीत गार होऊनही पुन्हा घट्ट का होत नाही, आणि ते ठेवायचं कशात.

पाऱ्याची भीती आहे ती त्याच्या वाफेची. पारा खोलीच्या तापमानालाही हळूहळू उडत राहतो आणि ती वाफ श्वासातून आत जाते. गॅलियम 29.76 अंश सेल्सिअसला वितळतं, पण उकळतं 2,200 अंशांच्याही वर. त्यामुळे हाताच्या उबेला त्याची वाफ जवळजवळ होतच नाही. धडधाकट, न कापलेल्या त्वचेवर थोडा वेळ घ्यायला हरकत नाही. तोंडात घालू नका, डोळ्यांपासून लांब ठेवा. गरम पाण्यात वितळणाऱ्या गॅलियमच्या चमच्याची गंमत दाखवायची असेल तर ते पाणी नंतर कोणी पिऊ नये. मात्र हे सगळं शुद्ध धातूपुरतं. गॅलियमचे क्षार, विशेषतः क्लोराइड, त्वचा भाजतात, आणि गॅलियम आर्सेनाइडमध्ये आर्सेनिक असतं. ते घरात आणायच्या वस्तूच नव्हेत.

हातावर घेतल्यावर ते लगेच वितळत नाही म्हणून पुष्कळांचा हिरमोड होतो. वितळताना ते ग्रॅममागे सुमारे 80 जूल उष्णता घेतं. तेवढ्याच आकाराच्या बर्फाला लागते त्याच्या साधारण दीडपट. शिवाय तळहाताची त्वचा 32–34 अंशांच्या आसपास असते, म्हणजे फरक जेमतेम चार अंशांचा. हात गार पडत जातो आणि काम रेंगाळतं. सोपा मार्ग असा: बंद प्लास्टिकची बाटली 45 अंशांच्या पाण्यात दहा मिनिटं धरा आणि वितळलेलं गॅलियम हातावर ओता. उकळतं पाणी लागत नाही.

आधी अंगठ्या आणि बांगड्या काढून ठेवा. सोनं, चांदी, पितळ, जस्त यांत गॅलियम मिसळतं आणि तो डाग घासून जात नाही. हातावर करडा-काळा थर उरतो. ते गॅलियमचे आणि त्याच्या ऑक्साइडचे बारीक कण असतात, साबण-पाण्याने निघतात. नायट्राइलचे पातळ हातमोजे घातले तर तेवढीही कटकट नाही, आणि वितळायलाही विशेष अडथळा येत नाही.

आता घट्ट न होण्याचं. तुमच्या गॅलियमात काही बिघाड नाही. हा धातू अतिशीतित (म्हणजे गोठणबिंदूच्या खालीही द्रव) राहण्यात पटाईत आहे: 20 अंशांच्या खोलीतही दिवसेंदिवस द्रव राहू शकतो, आणि थेंब जितका लहान तितका तो गोठायला नाखूश. कारण त्याच्या स्फटिकाच्या रचनेत आहे. बहुतेक धातूंत अणू एकमेकांना दाटीने खेटून बसतात. घन गॅलियममध्ये प्रत्येक अणूचा एकच शेजारी अगदी जवळ (2.44 अँगस्ट्रॉम; एक अँगस्ट्रॉम म्हणजे मीटरचा दहा अब्जावा भाग) असतो, बाकीचे सहा 2.7–2.8 अँगस्ट्रॉमवर. ही जोड्याजोड्यांची मांडणी बरीच पोकळ आहे, आणि द्रवातून ती आपोआप जुळून यायला वेळ लागतो. म्हणून तिला सुरुवात करून द्यावी लागते. घट्ट गॅलियमचा एक छोटा तुकडा फ्रिजमध्ये वेगळ्या डबीत कायम ठेवा आणि द्रवाला तो नुसता टेकवा. स्पर्शाच्या जागेपासून स्फटिक पसरू लागतात. थर्मामीटर आत असेल तर एक छान गोष्ट दिसते: गोठता गोठता तापमान खाली न जाता वर चढतं आणि 29.76 वर थबकतं. हा बिंदू इतका भरवशाचा आहे की 1990च्या आंतरराष्ट्रीय तापमानश्रेणीत (29.7646 अंश) तो तापमापक तपासण्यासाठी धरलेला आहे.

स्फटिक बघायचे असतील तर प्लास्टिकच्या वाटीत 25 अंशांच्या आसपास द्रव ठेवून तुकडा टेकवा, अर्धंअधिक गोठलं की उरलेला द्रव ओतून टाका. तळाशी धारदार कडांचे, आरशासारखे चकचकीत पृष्ठभाग उघडे पडतात. फार गार द्रवात तुकडा टाकलात तर ते घाईत गोठतं आणि नुसता ओबडधोबड गोळा हाती येतो.

त्याच पोकळ मांडणीचा दुसरा परिणाम तुमच्या तिसऱ्या प्रश्नाशी जोडलेला आहे. गोठताना गॅलियम सुमारे 3 टक्क्यांनी फुगतं, म्हणून घन गॅलियम बर्फासारखं स्वतःच्याच द्रवावर तरंगतं. काचेच्या बाटलीत काठोकाठ भरलंत तर बाटली तडकते. शिवाय हवा लागलेलं गॅलियम काचेला चिकटतं आणि आत आरसा तयार होतो. पॉलिथिन किंवा पॉलिप्रोपिलीनची जाड, थोडी लवचिक बाटली घ्या. तुमचं 20 ग्रॅम म्हणजे जेमतेम साडेतीन मिलिलिटर, तेव्हा 10 मिलिलिटरची बाटली भरपूर झाली.

खरी काळजी घ्यायची ती ॲल्युमिनियमची. माझ्या मते गॅलियमच्या बाटलीवर माणसासाठी नव्हे, लॅपटॉपसाठी इशारा छापायला हवा. ॲल्युमिनियमवर काही नॅनोमीटर जाडीचा ऑक्साइडचा थर असतो. एखाद्या ओरखड्यातून गॅलियम त्याच्या खाली शिरलं की धातूच्या कणांमधल्या सीमांतून पसरत जातं आणि कण एकमेकांपासून सुटतात. वरून वस्तू जशीच्या तशी दिसते, दाबली की चुरा होतो. लॅपटॉप, फोनची चौकट, सायकल, शिडी यांच्या जवळपाससुद्धा प्रयोग नको.

मुद्दाम बघायचं असेल तर रिकामा ॲल्युमिनियमचा कॅन घ्या. बाहेरचा रंग पॉलिशपेपरने घासून नाण्याएवढी जागा उघडी करा, अर्ध्या ग्रॅमचा थेंब ठेवा आणि थेंबाखालचं ॲल्युमिनियम पुन्हा खरवडा. ही दुसरी खरवड राहते म्हणून बहुतेकांचा प्रयोग फसतो, कारण उघड्या धातूवर ऑक्साइड क्षणात पुन्हा जमतो. 35 अंशांच्या जागी रात्रभर ठेवा, सकाळी बोटाने आरपार भोक पडतं. हा चुरा पाण्यासकट बंद डब्यात ठेवू नका. गॅलियम मिसळलेलं ॲल्युमिनियम पाण्यातून हायड्रोजन सोडतं आणि तापतं. वापरलेला थेंबही मूळ बाटलीत परत टाकू नका, नाहीतर आतलं ॲल्युमिनियम काळी पूड होऊन सगळं गढूळ करतं.

प्रोसेसरवर लावायचं ‘लिक्विड मेटल’ बहुधा गॅलियमचाच मिश्रधातू असतो, तेव्हा तिथेही हाच नियम: ॲल्युमिनियमचा हीटसिंक (प्रोसेसरची उष्णता बाहेर टाकणारा धातूचा भाग) चालत नाही. उघडं तांबं ते हळूहळू शोषून घेतं, निकेलचा मुलामा दिलेलं तांबं उत्तम. लिक्विड मेटल वीजवाहक असल्याने बाजूच्या सुट्या भागांवर ओघळलं की शॉर्टसर्किट.

गॅलियम, इंडियम आणि कथील यांचा गॅलिनस्टन हा मिश्रधातू शून्याखालीही द्रव राहतो. ताप मोजायच्या बिनपाऱ्याच्या थर्मामीटरमध्ये तोच असतो. काचेला चिकटू नये म्हणून नळीला आतून गॅलियम ऑक्साइडचा लेप द्यावा लागतो. बाकी जगातलं बहुतेक गॅलियम संयुगांच्या रूपात इलेक्ट्रॉनिक्समध्ये जातं: निळ्या एलईडीत (2014चं भौतिकशास्त्राचं नोबेल याच कामाला) आणि हल्लीच्या छोट्या चार्जरमध्ये गॅलियम नायट्राइड, तर रेडिओ लहरींच्या चिपमध्ये गॅलियम आर्सेनाइड. त्याची स्वतंत्र खाण नसते. बॉक्साइटपासून ॲल्युमिना काढताना ते सोबत मिळतं.

जाता जाता गॅलियमच्या शोधाबद्दल. रशियन रसायनशास्त्रज्ञ मेंडेलीव्हने 1871मध्ये आवर्तसारणीत ॲल्युमिनियमखालच्या रिकाम्या जागेसाठी ‘एका-ॲल्युमिनियम’ नावाचं मूलद्रव्य वर्तवलं: अणुभार 68, घनता 5.9. चार वर्षांनी फ्रान्समध्ये लकॉक द ब्वाबोद्राँ या रसायनशास्त्रज्ञाला जस्ताच्या खनिजाच्या वर्णपटात दोन जांभळ्या रेषा सापडल्या; त्या याच धातूच्या, म्हणजे गॅलियमच्या होत्या. त्याने आधी घनता 4.7 काढली. ज्याने हा धातू पाहिलाही नव्हता त्या मेंडेलीव्हने ‘नमुना शुद्ध करून पुन्हा मोजा’ असं सुचवलं, आणि फेरमोजणीत 5.9च आली.

सांडलंच तर फरशीवर बर्फाची पिशवी टेकवून आणि घट्ट तुकडा लावून गोठवा, मग प्लास्टिकच्या पट्टीने उचला. बेसिनमध्ये ओतू नका, सांध्यांत पितळ किंवा ॲल्युमिनियम असू शकतं. आणि विमानात सामानात नेऊ नका. हवाई वाहतुकीत गॅलियम यूएन 2803 क्रमांकाखाली धोकादायक माल ठरतं, तेही विमानाचा सांगाडा ॲल्युमिनियमचा असतो म्हणूनच.