रोमानियन वंशाचे साहित्यसमीक्षक मातेई कॅलिनेस्कू यांची पुस्तकं कुठून सुरू करावीत? ऱ्हासवाद (डेकडन्स, एकोणिसाव्या शतकाच्या शेवटची साहित्य-कलाप्रवृत्ती) आणि आधुनिकतावाद यांचं नातं समजून घ्यायचं आहे.

'फाइव्ह फेसेस ऑफ मॉडर्निटी' घ्या, आणि १९८७ची आवृत्तीच घ्या. जुन्या बाजारात मिळणारं १९७७चं 'फेसेस ऑफ मॉडर्निटी' हे वेगळं पुस्तक नाही. तेच आहे, फक्त उत्तर-आधुनिकतेवरचं प्रकरण त्यात नाही. दोन्ही विकत घेऊन बसू नका.

पहिलं प्रकरण मध्ययुगापासून सुरू होतं, तिथेच बरेच जण पुस्तक मिटतात. पण ते गाळू नका. विज्ञान, भांडवल, प्रगती यांची आधुनिकता एक आणि तिच्यावरच उलटलेली कलेची आधुनिकता दुसरी, हा सगळा पाया तिथे आहे. तो नसेल तर ऱ्हासवाद म्हणजे निव्वळ अफू आणि अत्तर वाटतो!

मग थेट ऱ्हासावरचं प्रकरण. त्यातली फ्रेंच लेखक पॉल बूर्जे यांच्या कवी बोदलेअरवरच्या १८८१च्या लेखाची चर्चा सावकाश वाचा: ऱ्हासशैलीत पुस्तकाची एकसंधता मोडून पान स्वतंत्र होतं, पानातून वाक्य, वाक्यातून शब्द. जर्मन तत्त्वज्ञ नीत्शेने १८८८मध्ये हेच वर्णन संगीतकार वाग्नरला लावलं, बूर्जेंचं नाव न घेता. आधुनिकतावादी तुकडेबाजीची मुळं इथे दिसतात.

किच, म्हणजे स्वस्त, बाजारू कलेवरचं प्रकरण, नंतर वाचलं तरी चालेल. त्यांचं 'रीरीडिंग' (१९९३) हे पुस्तक मात्र पुनर्वाचनावर आहे, तुमच्या प्रश्नाला त्याचा फारसा उपयोग नाही.