पीट वॉकरच्या सिनेमातली म्हातारी माणसं

‘ब्रिटिश भयपट-दिग्दर्शक पीट वॉकरचे सिनेमे म्हणजे नुसता आंबटशौकीन माल, की त्यात काही दम आहे? आणि १९८३ नंतर हा गडी गेला कुठे?’ असं तुम्ही विचारलंय.

सुरुवातीचा माल आंबटशौकिनांसाठीच होता, त्यात लपवण्यासारखं काही नाही. गडी ब्रायटनचा, जन्म १९३९. वडील सिड वॉकर, रेडिओवर गाजलेले विनोदी नट. ते १९४५ मध्येच गेले. पोरानंही स्टेजवर विनोद सांगून पाहिले, मग आठ मिलिमीटरवर छोट्या उघड्यावाघड्या फिल्मा काढून विकल्या. पुढे ‘स्कूल फॉर सेक्स’ (१९६९) वगैरे. निर्माता स्वतःच, दिग्दर्शकही स्वतःच, आणि एका सिनेमाची कमाई पुढच्यात. यातलं बरंचसं आज बघवत नाही. ‘कूल इट कॅरल’ (१९७०) तेवढा बघा: गावाकडची जोडी लंडनला येते, ती देहविक्रीला लागते, तो दलाल होतो.

खरा वॉकर १९७४ मध्ये दिसतो. पटकथाकार डेव्हिड मॅकगिलिव्ह्रे आणि नटी शीला कीथ, हे दोघं भेटले आणि गाडी रुळावर आली. तेव्हा इंग्लंडात फाशी रद्द होऊन थोडीच वर्षं झाली होती, आणि ‘पोरं बिघडली’ म्हणून मेरी व्हाइटहाउसबाई मोहीम चालवत होत्या. वॉकरनं नेमकं तेच उचललं. ‘हाउस ऑफ व्हिपकॉर्ड’मध्ये एक आंधळा निवृत्त न्यायाधीश आणि त्याची बाई खाजगी तुरुंग चालवतात, कोर्टातून ‘स्वस्तात सुटलेल्या’ मुलींना पकडून आणतात. पहिल्या चुकीला अंधारकोठडी, दुसरीला फटके, तिसरीला फास. वर सिनेमा अर्पण केलाय तो फटके आणि फाशी परत यावी म्हणून वाट बघणाऱ्यांना! थट्टा आहे की सलाम, हे बघणाऱ्यानं ठरवायचं.

त्याच वर्षीचा ‘फ्राइटमेअर’ माझ्या मते सर्वांत उजवा. वेड्यांच्या इस्पितळातून ‘बरी’ होऊन सुटलेली म्हातारी (शीला कीथ) एकाकी लोकांना पत्ते मांडून भविष्य सांगते, आणि मग त्यांचा मेंदू खाते. सावत्र मुलगी रात्री कागदात गुंडाळून जनावरांचे मेंदू आणून देते, आईचं भागावं म्हणून. ते पुडकं घेताना कीथबाईंचा चेहरा बघा: आजारी माणसाला घरचा डबा मिळावा तसा. ड्रिल यंत्राच्या रक्तबंबाळ दृश्यापेक्षा मला तेच जास्त लागलं. वॉकरचे राक्षस असेच, वडीलधारे आणि अब्रूदार. ‘हाउस ऑफ मॉर्टल सिन’मध्ये (१९७६) तर पाद्रीच, हत्यार म्हणून जपमाळ.

‘हाउस ऑफ द लाँग शॅडोज’ (१९८३) शेवटी बघा. क्रिस्टोफर ली, पीटर कुशिंग, व्हिन्सेंट प्राइस, जॉन कॅराडाइन असे भयपटांतले चौघे नामांकित नट एकत्र आणूनही सिनेमा ढिला पडलाय. तेव्हा इंग्लंडात थिएटरं ओस पडत चालली होती, व्हिडिओ घरात शिरला होता. वॉकरनं सिनेमे करणं सोडलं आणि चक्क जुनी थिएटरं विकत घेऊन दुरुस्त करायला लागला.