नेदरलँड्सने समुद्र हटवून जमीन काढली, ती मुंबईसारखा भराव टाकूनच ना? आणि समुद्रसपाटीखाली असून ती बुडत कशी नाही?

प्रश्नाच्या पहिल्या भागातच गफलत आहे. तिथे बहुतेक ठिकाणी माती टाकलेलीच नाही, पाणी काढलं आहे. मुंबईच्या बॅकबेला समुद्रात भर घालून तळ वर आणला. डच लोकांच्या पोल्डरमध्ये तळ होता तिथेच राहतो. भोवती बांध घालायचा, आतलं पाणी उपसून बाहेर टाकायचं आणि उघड्या पडलेल्या तळावर शेती करायची. म्हणून पोल्डर समुद्रसपाटीच्या खाली असतो आणि भरावाची जमीन वर असते. (रॉटरडॅम बंदराचा नवा भाग मात्र उत्तर समुद्रातली वाळू टाकून केलेला आहे, म्हणजे आपल्याच पद्धतीचा.)

पोल्डरची कल्पना कोकण-गोव्याच्या माणसाला नवीन नाही. गोव्यातली खाजणं आठवा. मातीचा बांध, त्यात मानस (म्हणजे पाण्याचं झडपेसारखं दार), ओहोटीला दार आपोआप उघडून आतलं पाणी बाहेर जातं आणि भरतीच्या रेट्याने मिटतं. नेदरलँड्समध्येही सुरुवातीची शतकं हेच चाललं. ही युक्ती जमीन ओहोटीच्या पातळीच्या वर असेपर्यंतच चालते. त्याखाली गेली की पाणी उचलावं लागतं, आणि तिथून पवनचक्कीचा धंदा सुरू होतो.

एक पवनचक्की आपल्या चाकाने पाणी साधारण दीड मीटरच उचलते. तळं साडेतीन-चार मीटर खोल असेल तर तीन-चार चक्क्या पायऱ्यांसारख्या ओळीने लावायच्या. पहिली दुसरीच्या चरात पाणी टाकते, दुसरी तिसरीच्या. आम्स्टरडॅमच्या उत्तरेचं बेम्स्टर तळं असं १६१२ मध्ये चाळीसहून अधिक चक्क्यांनी कोरडं केलं. त्याआधी १६१० मध्ये वादळात समुद्राचा बांध फुटून सगळं परत भरलं होतं आणि काम पुन्हा पहिल्यापासून करावं लागलं. तिथल्या प्रमुख चक्कीवाल्याचं नाव लेघवाटर, त्याचा अर्थ ‘रिकामं पाणी’ असा लागतो. पुढे हार्लेममेर वाफेवर उपसलं. भोवती सुमारे साठ किलोमीटरचा कालवा खणला आणि १८४९ ते १८५२ या काळात तीन इंजिनांनी सुमारे ८० कोटी घनमीटर पाणी त्यात चढवलं. त्यांपैकी क्रुकियस इंजिनाच्या सिलिंडरचा व्यास ३.६६ मीटर आहे, म्हणजे आपल्याकडच्या एखाद्या खोलीएवढा. स्खिपोल विमानतळ त्याच तळ्याच्या तळावर, समुद्रसपाटीखाली तीनेक मीटर आहे.

आता तुम्ही ज्याबद्दल विचारताय तो मोठा प्रकल्प, झाउडरझे. देशाच्या पोटात शिरलेलं उत्तर समुद्राचं हे उथळ आखात. १९१६ च्या पुरानंतर १९१८ मध्ये कायदा झाला. आराखडा कॉर्नेलिस लेली या अभियंत्याचा, त्याच्या नावाने आज लेलीस्टाड शहर आहे. कामाचा क्रम नीट पाहा, कारण सगळी अक्कल त्या क्रमात आहे.

आधी आखाताचं तोंड बंद केलं. ३२ किलोमीटरचा आफस्लाउटडाइक २८ मे १९३२ रोजी जोडला गेला. असा बांध घालताना शेवटची फट सगळ्यात अवघड. फट जितकी अरुंद होते तितका भरती-ओहोटीचा ओघ जोरात जातो आणि तळ खरवडून नेतो. टाकलेली वाळू तर टिकतच नाही. म्हणून तळावर आधी विलोच्या फांद्यांच्या विणलेल्या प्रचंड चटया दगड टाकून बुडवल्या. बांधाला हिमनद्यांनी दाबून ठेवलेली गोट्यांची घट्ट चिकणमाती वापरली. ती त्याच आखाताच्या तळाशी सापडली, हे नशीबच. बांधात पंचवीस दरवाजे ठेवले. आयसल नदीचं पाणी आत येत राहतं आणि ओहोटीला या दरवाज्यांतून समुद्रात जातं. काही वर्षांत आतलं खारं पाणी गोडं झालं.

पहिला विरिंगरमेर सोडला, तो तोंड बंद व्हायच्या आधीच झाला होता, तर बाकीचे पोल्डर या गोड्या तळ्यात एकेक करून काढले. पूर्व फ्लेव्होलंड हा त्यातला ५४,००० हेक्टरचा. त्याचं काम १९५० मध्ये सुरू झालं आणि १९५७ मध्ये तो कोरडा झाला. बांध पूर्ण मिटायच्या आतच पंपघरं उभी हवीत, हे उघड आहे. पण मुख्य कालवेसुद्धा पाण्याखाली असतानाच ड्रेजरने खणून घेतात, हे फारसं कुणी सांगत नाही. पाणी काढल्यावर खाली जे उरतं ते श्रीखंडासारखं असतं, त्यावर यंत्र काय, माणूसही उभा राहत नाही. मग पंप चालू करायचे, आणि साधारण नऊ महिने ते दिवसरात्र चालतात.

त्यानंतरची पाच-एक वर्षं मला सगळ्यात रंजक वाटतात. या चिखलात हवा नसते, भेगा नसतात, पाणी मुरायला वाट नसते. म्हणून विमानातून बोरूचं (म्हणजे पाणथळीतल्या उंच गवताचं, तागाचं नव्हे) बी फवारलं. बोरू पानांतून भरमसाट पाणी उडवतो, मुळांनी माती फोडतो आणि इतर तण उगवू देत नाही. माती जरा आवळली की उथळ चर काढायचे, बोरू जाळायचा, पहिलं पीक मोहरीच्या जातीच्या रेपसीडचं, मग गहू-बार्ली. भेगा खोल गेल्या की जमिनीत निचऱ्याचे नळ. घाईने नळ घातले तर ते गाळाने बुजतात. तोपर्यंत शेती सरकारच करत असे, शेतकऱ्यांना जमीन नंतर मिळाली. वाळताना जमीन आक्रसते, काही ठिकाणी जवळजवळ मीटरभर खाली बसली.

एक चूक त्यांनी केली आणि लगेच सुधारली. १९४२ मध्ये कोरडा झालेला नोर्दओस्टपोल्डर थेट जुन्या किनाऱ्याला चिकटवला होता. त्याची पातळी खाली, त्यामुळे शेजारच्या जुन्या जमिनीचं भूजल तिकडे झिरपू लागलं आणि तिथली शेतं कोरडी पडली. म्हणून फ्लेव्होलंडच्या आणि किनाऱ्याच्या मध्ये तळ्यांचा पट्टा मुद्दाम सोडला. नकाशावर तो वळणदार निळा पट्टा दिसतो ना, तो शोभेचा नाही.

आता बुडत कशी नाही. पंप कायम चालू असतात म्हणून. पाऊस तर असतोच, शिवाय बाहेरचं पाणी दाबाने जमिनीखालून आत येतं. जितका पोल्डर खोल तितकं जास्त, आणि किनाऱ्याजवळ ते मचूळ, त्यामुळे उन्हाळ्यात चरांत नदीचं गोडं पाणी सोडून ते धुवावं लागतं. हे सगळं सांभाळणारी मंडळं म्हणजे वाटरस्खापं. आज ती २१ आहेत, काही तेराव्या शतकापासूनची. त्यांचा कर वेगळा, निवडणूकही वेगळी.

जुन्या पश्चिम भागाचं दुखणं निराळं. तिथली माती पीटची, म्हणजे अर्धवट कुजलेल्या वनस्पतींचा थर. पाणी काढलं की त्यात हवा शिरते, तो कुजून नाहीसा होतो आणि जमीन खचते. खचली की पाणी वर येतं, पुन्हा उपसा, पुन्हा खचणं. आज समुद्रसपाटीखाली असलेला बराच भाग हजार वर्षांपूर्वी वर होता, तो माणसानेच खाली नेला. (जाता जाता: देशाचा ५५ टक्के भाग समुद्राखाली आहे असं जागतिक हवामान अहवालातही छापून आलं होतं. खरा आकडा २६ टक्के, उरलेले २९ टक्के नदीपुराच्या धोक्यातले.)

बांध फुटतो म्हटलं की लाट वरून आली असं डोळ्यांसमोर येतं. १९५३ च्या फेब्रुवारीत झीलंडकडे तसंच झालं, १,८३६ माणसं गेली. पण पोखरून जाणंही तितकंच घातक. बांधाखालून पाणी वाळू घेऊन आतल्या बाजूला बुडबुडत वर आलं, तर तिथे बूच मारायचं नाही, पाणी दुसरीकडून फुटतं. भोवती वाळूच्या पोत्यांचं कडं करून आतली पातळी चढू द्यायची. उलट दाब वाढला की वाळू यायची थांबते. मस्करॅट हा उंदरासारखा प्राणी बांधात बिळं करतो, त्याला पकडायला पगारी माणसं असतात. आणि २००३ च्या ऑगस्टमध्ये विल्निस गावात बांध फुटला तो पुराने नव्हे, दुष्काळाने. पीटचा बांध वाळून हलका झाला आणि पाण्याने त्याला आडवा ढकलला. तेव्हापासून कोरड्या उन्हाळ्यातही बांधांवर फेऱ्या मारतात.

पंप बंद पडले तर पोल्डर हळूहळू भरेल, सावरायला वेळ मिळेल. बांध गेला तर मिळत नाही. १७ एप्रिल १९४५ रोजी माघार घेणाऱ्या जर्मनांनी विरिंगरमेर पोल्डरचा बांध दोन ठिकाणी सुरुंगाने उडवला आणि दोनेक दिवसांत अख्खा पोल्डर पाण्याखाली गेला. लोकांना आधी कळलं होतं म्हणून ते निसटले. वर्षाअखेर पोल्डर परत कोरडा केला. पण घुसलेल्या पाण्याने खांडींच्या जागी तीसेक मीटर खोल डोह पाडले होते. ते बुजवण्याऐवजी नवा बांध डोहांना वळसा घालून बांधला, आणि बांधालगतचा रस्ता अजूनही तिथे तसाच वळतो.